बाबा ओरडले नव्हते

आमचं घर सीमेपासून अर्ध्या मैलावर होतं. उत्तर आयर्लंडच्या फर्मानाह काउंटीत ड्रमकार नावाचं खेडं, आणि खेड्याबाहेर एका शेतकऱ्याच्या जागेतलं दोन खोल्यांचं भाड्याचं घर. मागच्या खिडकीतून ब्रिटिश सैन्याचा चेकपॉइंट दिसायचा. वाळूच्या पोत्यांची भिंत, पत्र्याचा मनोरा, रस्त्यावर आडवा दांडा. दांड्याच्या पलीकडे दुसरा देश, स्वतंत्र आयर्लंड.

बाबा, म्हणजे कमलाकर भाटकर, रत्नागिरीचे. बोटीवर फिटर होते. बोट बेलफास्टला दुरुस्तीला लागली तेव्हा ते उतरले आणि परत चढलेच नाहीत. दोन वर्षांनी त्यांनी आईला आणि मला बोलावून घेतलं. मी तेव्हा तीन वर्षांची होते. देवयानी तिथेच जन्मली. एका सिंधी व्यापाऱ्याकडून माल उचलायचा आणि पांढऱ्या व्हॅनमधून शेताशेतावर फिरून कपडे विकायचे, हा बाबांचा धंदा. स्वेटर, चादरी, शाळेचे मोजे. "कॅथलिकांना थंडी वाजते आणि प्रोटेस्टंटांनाही वाजते," असं ते आईला सांगायचे. तेव्हा तिथे दोन बाजू होत्या: ब्रिटिश सैन्याला हाकलायला निघालेले कॅथलिक बंडखोर आणि सैन्याच्या बाजूचे प्रोटेस्टंट. चेकपॉइंटवरचे सैनिक त्यांना मिस्टर बी म्हणायचे.

एकोणनव्वदच्या ऑक्टोबरमधला शनिवार होता, सकाळचे साडेआठ. मी तेरा वर्षांची, देवू नऊ. आई पोहे परतत होती. दाराला कडी नव्हती, त्यामुळे कुणी ठोठावलंही नाही. तीन माणसं सरळ आत आली. तिघांच्या तोंडावर लोकरीच्या टोप्या ओढलेल्या, डोळ्यांपुरती भोकं. एकाला सर्दी झाली होती. तो सारखा नाक ओढत होता.

त्या सर्दीवाल्याने देवूला मानेला धरून खुर्चीतून उचललं आणि पिस्तूल तिच्या कानामागे लावलं. आईने कढई होती तशी त्याच्या अंगावर फेकली. तापलेलं तेल त्याच्या मनगटावर उडालं, तो ओरडला. पण दुसऱ्याने बंदुकीचा दस्ता आईच्या जबड्यावर मारला. हाड मोडल्याचा आवाज मला आजही ऐकू येतो. आई ओट्याला धरून खाली घसरली आणि तिने तोंडातून दोन दात हातावर काढले.

"आता ऐक," तिसरा, उंच माणूस बाबांना म्हणाला. त्याचा आवाज शांत होता, पोस्टात पत्ता सांगावा तसा. "तुझ्या व्हॅनमध्ये कपड्यांच्या गठ्ठ्यांखाली आम्ही स्फोटकांची तीन पिंपं ठेवलीत. नेहमीसारखी चेकपॉइंटवर ने. थांबव, उतर आणि चालत निघून जा. टेकडीवर आमचा माणूस दुर्बीण घेऊन बसलाय. तू कुणाला सांगितलंस, ओरडलास, हात हलवलास, तर तो वायरलेसवर सांगेल. मग इथे काय होईल ते तुला कळतंच."

सर्दीवाल्याने पिस्तुलाची नळी देवूच्या कानामागे दोनदा टेकवली.

"मुलींना दुसऱ्या खोलीत बसवा," बाबा म्हणाले.

"नाही."

बाबांनी कोट घातला. उंच माणसाने व्हॅनची किल्ली त्यांच्या हातात दिली. जाताना त्यांनी आमच्याकडे पाहिलं नाही. व्हॅन सुरू झाल्याचं ऐकू आलं, मग काहीच नाही. त्यानंतरचा वेळ मला सांगता येत नाही. आईच्या हनुवटीवरून रक्त फरशीवर ठिबकत होतं आणि त्यात पोहे भिजत होते, एवढं आठवतं.

मग खिडकी आत आली. फुटली नाही, चौकटीसकट आत आली. काचेचा एक तुकडा माझ्या दंडात घुसला. छताचा चुना सगळ्यांच्या डोक्यावर पडला. उंच माणूस म्हणाला, "झालं." तिघे मागच्या दाराने शेतातून निघून गेले. सर्दीवाला दारात क्षणभर थांबला, आईकडे बघून "सॉरी, मिसेस" म्हणाला आणि मगच गेला.

देवू धुराच्या दिशेने पळत सुटली. मी तिच्यामागे. रस्त्याच्या दोन्ही बाजूंच्या कुंपणांवर आमचा माल लटकला होता. स्वेटर जळत होते. झाडाला मोज्यांची एक जोडी तशीच्या तशी अडकली होती. मनोऱ्याचा पत्रा रस्त्यात पडला होता, त्याखालून एक बूट दिसत होता. बुटात पाय होता. मी देवूचे डोळे झाकले, पण तिने माझ्या हाताला चावून स्वतःला सोडवून घेतलं.

बाबा चरात सापडले. पाठीवरचा कोट उरला नव्हता, पाठही फारशी उरली नव्हती. दोन्ही कानांतून रक्त येत होतं. "तुम्ही दोघी आहात?" ते विचारत होते. आम्ही "आहोत, आहोत" म्हणून ओरडत होतो. त्यांना ऐकू येत नव्हतं. ते विचारतच राहिले.

त्या सकाळी दोन सैनिक मेले. पीटर होल्ट, एकवीस वर्षांचा, आणि डीन मार्श, एकोणीसचा. अकरा जण वाचले, कारण स्फोटाआधी काही सेकंद ते पळायला लागले होते. पोलिसांनी हॉस्पिटलमध्ये बाबांचा जबाब घेतला. बाबांनी सांगितलं की मी ओरडलो. बॉम्ब आहे, पळा, असं ओरडलो. पेपरात त्यांचा फोटो आला. अकरा जणांना वाचवणारा कपडेवाला.

नोव्हेंबरात ते घरी आले. आठवड्याच्या आत पेट्रोल पंपावर बॉम्ब ठेवणाऱ्यांच्या बाजूच्या दोघांनी त्यांना गाठलं. "ओरडलास म्हणे?" एकाने विचारलं, आणि चाकाचा पाना त्यांच्या बरगड्यांवर चालवला. पंपाचा मालक, ज्याच्या बायकोला बाबांनी उधारीवर पडदे दिले होते, आत जाऊन दार लावून बसला. चार बरगड्या मोडल्या. त्याच आठवड्यात दुसऱ्या बाजूच्या कुणीतरी आमच्या दारावर रंगाने 'बॉम्बवाला' असं लिहिलं आणि खिडकीतून वीट टाकली. दोन्ही बाजूंना आम्ही नको होतो. जानेवारीत आम्ही आईच्या चुलतभावाकडे, लंडनजवळ पिनरला, गिरीशमामांच्या वरच्या खोलीत राहायला आलो. चार माणसं आणि दोन सुटकेसेस.

बाबांच्या पाठीत काचा राहिल्या होत्या. वर्षभर त्या एकेक करून वर येत. कातडी सुजायची, मग पांढरं टोक दिसायचं, मग मी चिमट्याने ओढून काढायचे. मी पुढे नर्स झाले ते तिथूनच म्हणायचं. एका रविवारी मी अशीच काच काढत होते, आणि बाबा माझ्याकडे पाठ करूनच म्हणाले, "अनू, मी ओरडलो नव्हतो."

मी थांबले.

"उतरलो आणि चालायला लागलो. मग राहवलं नाही म्हणून पळालो. मला पळताना बघून ते पळाले. जे मला बघत होते ते वाचले."

"बाबा, त्यांनी आम्हाला मारलं असतं."

"हो." त्यांनी सदरा खाली ओढला. "देवूला सांगू नकोस."

मी सांगितलं नाही.

देवू शाळेत कुणाशीही मारामारी करायची. एका मुलीने कुठूनतरी ऐकून आमच्या बाबांना बॉम्बवाला म्हटलं, तर देवूने राउंडर्स खेळायची लाकडी बॅट फिरवून तिचं नाक मोडलं. हेडमिस्ट्रेसने बोलावलं. आईचा जबडा नीट जुळला नव्हता, बोलताना शब्द फाटायचे, म्हणून मी गेले. दहा वर्षांची देवू हेडमिस्ट्रेससमोर उभी राहिली आणि तिने सगळं सांगितलं. पिस्तूल, कढई, आणि बाबा कसे ओरडले. हेडमिस्ट्रेसने चष्मा काढला आणि ती रडायला लागली. देवूला शाळेतून काढून टाकायचं राहूनच गेलं.

त्या दिवशी देवूला कळलं की ही गोष्ट सांगितली की समोरचं माणूस गप्प होतं.

पुढचं तुम्ही पेपरात वाचलं असेल. ब्रिस्टलला कायदा शिकली, तिथेच वकिली केली, कौन्सिलवर निवडून आली, मग खासदार. प्रत्येक निवडणुकीत ती सांगायची: "मी सीमेवर वाढले. माझ्या कानामागे पिस्तूल होतं, आणि तरी माझे वडील ओरडले." लोक उभे राहायचे. टीव्हीवर ते लागलं की बाबा कानातलं मशीन काढून टेबलावर ठेवायचे. आईला वाटायचं, जुनं आठवून त्रास होतो. ती दोन हजार अकरामध्ये गेली, तिला कधीच कळलं नाही.

आता ब्रिस्टलच्या त्या शुक्रवाराबद्दल सांगते. दोन हजार तेवीसचा मार्च. मी साउथहॅम्प्टनला हॉस्पिटलमध्ये ऑपरेशन थिएटरची सिस्टर आहे. सुट्टी होती म्हणून गाडी घेऊन देवूला भेटायला गेले. दर शुक्रवारी दुपारी ती एका लायब्ररीच्या मागच्या खोलीत बसायची आणि मतदार आपापल्या तक्रारी घेऊन यायचे. दाराशी अंशुमन बसायचा, तक्रारींचा पाठपुरावा करणारा तिचा केसवर्कर. पुण्याचा, सव्वीस वर्षांचा. शिकायला आला आणि इथेच रमला. मला म्हणाला, "अनूमावशी, बसा, शेवटचे तिघं राहिलेत. मग आपण खाऊया काहीतरी."

त्या तिघांतला दुसरा माणूस उठला. तिशीचा, नीटनेटका, हातात घराच्या अर्जाची फाइल. त्याचं नाव मी लिहिणार नाही. अंशुमनने फाइल घ्यायला हात पुढे केला आणि त्या माणसाने फाइलखालून चाकू काढून त्याच्या मांडीच्या सांध्यात खुपसला. मग पोटात. मग पुन्हा सांध्यात. तो काहीच बोलत नव्हता. अंशुमन त्याला दोन्ही हातांनी धरून राहिला. आता विचार करते तेव्हा वाटतं, त्याने मुद्दाम धरून ठेवलं होतं.

मग त्याला झटकून तो माणूस देवूकडे वळला. पहिला वार तिने तळहातावर घेतला, चाकू हातातून आरपार गेला. दुसरा खांद्यावर. मी तोवर अंशुमनपाशी पोचले होते. रक्त उडत होतं, धार लागली होती. मी मूठ त्याच्या जखमेत घातली आणि सगळं वजन टाकून दाबलं. त्यामुळे मी हलू शकत नव्हते. फक्त बघू शकत होते.

देवूने भिंतीवरचं आग विझवायचं लाल सिलिंडर खेचलं आणि त्या माणसाच्या तोंडावर आडवं मारलं. तो पडला. चाकू हातातून सुटला आणि फरशीवरून घसरत फोटोकॉपीच्या मशीनखाली गेला. मी पाहिलं. देवूनेही पाहिलं. चाकू गेला तिकडे तिने पाहिलं, मग त्या माणसाकडे पाहिलं, आणि सिलिंडर पुन्हा उचललं.

"देवू!" मी ओरडले. "पुरे! चाकू नाहीये त्याच्याकडे!"

तिने मारलं. पुन्हा मारलं. त्याने हात वर केला, तो हात मोडला. तिसऱ्यांदा, चौथ्यांदा. तिच्या चेहऱ्यावर राग नव्हता. लाकडं फोडताना माणूस जसा दिसतो तशी ती दिसत होती. शेवटी रक्ताने हात निसटला आणि सिलिंडर घरंगळत गेलं, तेव्हा ती थांबली.

माझ्या मुठीखाली अंशुमनचं धडधडणं हळू होत गेलं. "आईला फोन..." एवढंच तो म्हणाला. अँब्युलन्स यायच्या आधी सहा मिनिटं तो गेला. मला माहीत होतं, तरी मी मूठ काढली नाही. पॅरामेडिकने माझी बोटं एकेक करून सोडवली.

तो माणूस वाचला. एक डोळा गेला, जबडा गेला. जन्मठेप झाली. पोलिसांनी मला एकच प्रश्न दोनदा विचारला. तुमची बहीण मारत होती तेव्हा चाकू त्याच्या हातात होता का?

"हो," मी म्हणाले. दोन्ही वेळा.

ते मी आजवर बदललेलं नाही. इथे लिहितेय, एवढंच.

त्यानंतर देवू कुठेही गेली की लोक उभे राहून टाळ्या वाजवायचे. पट्टी बांधलेला हात वर केल्याचा तो फोटो बसेसवर लागला. वर्षभरात ती गृहमंत्री झाली. मग तिच्याच पक्षाच्या पंतप्रधानांनी राजीनामा दिला आणि नव्या नेत्यासाठी पक्षात मतदान ठरलं. जो जिंकेल तो पंतप्रधान. शेवटी दोघं उरली, त्यातली एक देवू.

सभासदांना पोस्टाने मतपत्रिका जाण्याआधीची शेवटची सभा लंडनला होती. त्या दुपारी ती पिनरला बाबांकडे आली. बाहेर दोन गाड्या, पोलीस. बाबा ऐंशीचे. मी त्यांच्यासाठी खिचडी लावली होती.

देवूचं मराठी कच्चं आहे. नऊ वर्षांपर्यंत, म्हणजे आईचा जबडा मोडेपर्यंत, तिच्याशी जेवढं बोलली तेवढंच. तरी बाबांशी ती मराठीतच बोलते.

"बाबा, आज तुम्ही माझ्याबरोबर चला. काही बोलायचं नाही. स्टेजवर फक्त बसायचा. मी तुमचा गोष्ट सांगेन, लोक तुम्हाला बघतील. बस."

"मी येणार नाही."

"प्लीज, बाबा. खूप क्लोज आहे. तुम्ही आला तर मी जिंकते."

बाबांनी मशीन काढलं नाही. उलट नीट बसवलं. "देवू, बस इथे. मी ओरडलो नव्हतो."

तिला आधी कळलंच नाही. मग त्यांनी इंग्रजीत सांगितलं, हळूहळू, एकेक शब्द. उतरलो, चाललो, पळालो. आणि मग पोलिसांशी खोटं बोललो.

देवू उभीच होती. "मी हा गोष्ट पस्तीस वर्ष सांगते," ती म्हणाली. "पार्लमेंटमध्ये सांगितला. त्या दोघांच्या मेमोरियलला सांगितला, बाबा. एकाची आई तिकडे बसली होती. तिने माझा हात धरला." मग ती माझ्याकडे वळली. "तुला माहीत होता?"

"हो."

"किती वर्ष?"

"तेव्हापासून."

तिने मला थोबाडीत मारली. चाकूने फाटलेल्या त्याच हाताने, पूर्ण ताकदीने. मी शेगडीवर आदळले, कुकर खाली पडला, खिचडी माझ्या पायावर सांडली. दारातला पोलीस आत धावला. देवूने त्याला हात करून थांबवलं. माझा ओठ फुटला होता. ती माझ्याकडे बघत राहिली, आणि मला वाटलं की ती पुन्हा मारेल.

"सगळ्यांनी मला मूर्ख बनवलं," ती इंग्रजीत म्हणाली आणि निघून गेली.

संध्याकाळची सभा आम्ही टीव्हीवर पाहिली. माझ्या पायाला ओलं फडकं गुंडाळलेलं. बाबांनी मशीन कानात ठेवलं होतं. देवूने नेहमीसारखी सुरुवात केली. सीमेवरचं खेडं, व्हॅन, कढई, पिस्तूल. आणि मग त्या जागी आली आणि थांबली. हॉलमध्ये कुणीतरी खोकलं. ती पाण्याचा ग्लास शोधायला लागली, सापडला नाही.

"इथे मी नेहमी सांगते की माझे वडील ओरडले," ती म्हणाली. "आज दुपारी चार वाजता मला कळलं की ते ओरडले नव्हते. त्यांना सांगितलं होतं की ओरडलास तर मुली मरतील. त्यांनी आम्हाला निवडलं. पीटर होल्ट आणि डीन मार्श मेले, आणि मी इथे उभी आहे. मी तुम्हाला खोटं सांगत आले, मला ते खरं वाटत होतं म्हणून. मिसेस होल्ट, मिसेस मार्श, तुमची माफी कशी मागायची ते मला माहीत नाही. आणि माझ्या वडिलांनी जे केलं ते चूक होतं असं मला म्हणता येत नाही. त्यांच्यामुळेच मी जिवंत आहे."

मागून कुणीतरी 'खोटारडी' म्हणून ओरडलं. काही उठून गेले. दोन माणसांत बाचाबाची झाली, एकाने दुसऱ्याच्या तोंडावर ठोसा मारला, तेही कॅमेऱ्यात आलं. देवूने भाषण अर्धवट सोडलं आणि खाली उतरली.

बाबा म्हणाले, "जेवली असेल का ती?"

ती जिंकली. सव्वा लाख मतांत दोन हजार चारशेंनी. का जिंकली यावर लोक अजून भांडतात. त्याच आठवड्यात बाबांच्या घरावर लाल रंगाचे डबे फेकले गेले. एका सकाळी कुणीतरी दाराच्या फटीतून पेट्रोलने भिजवलेली पेटती चिंधी टाकली. पायपुसणं जळलं, बाबांनी चहाच्या भांड्यातलं पाणी ओतून विझवलं. मग दारासमोर कायमची पोलीस गाडी आली. देवू रोज फोन करायची. बाबांशी बोलायची, माझ्याशी नाही.

तिला पंतप्रधान होऊन तीन आठवडे झाले होते, तेव्हा मिसेस होल्ट आल्या. आयरीन होल्ट, एक्क्याऐंशी वर्षांच्या, उत्तरेकडच्या हल शहरातून ट्रेनने एकट्या. आधी पत्र पाठवून दिवस विचारला होता. मी रजा काढून आले होते. बारीकशा बाई, केस नुकतेच सेट केलेले, हातात जाड काठी. पोलीस बाईने त्यांची बॅग तपासली आणि आत सोडलं.

बाबा उभे राहिले. त्यांनी इस्त्रीचा शर्ट घातला होता. मी चहा ठेवला. मिसेस होल्ट यांनी त्याला हात लावला नाही.

"मी माफी मागायला लावण्यासाठी आलेली नाही," त्या म्हणाल्या. "तुमच्या मुलीने टीव्हीवर मागितली, ती माझ्या कामाची नाही. मला एकच विचारायचंय. माझ्या पीटरला शेवटचं पाहिलं ते तुम्ही. तो काय म्हणाला?"

बाबा खाली बसले. त्यांनी माझ्याकडे पाहिलं. मला कळलं की अजून काहीतरी आहे.

"त्याने मला थांबवलं," बाबा म्हणाले. "नेहमी तोच थांबवायचा. म्हणाला, मिस्टर बी, पुढच्या आठवड्यात माझ्या आईचा वाढदिवस आहे. चांगला कार्डिगन आहे का? मला फक्त उतरून लांब जायचं होतं. काहीतरी कारण हवं होतं. मी त्याला म्हणालो, मागे आहेत, दार उघडून बघ, हवा तो काढ. आणि मी चालायला लागलो." बाबांनी चहाचा कप बाजूला सरकवला. "तो व्हॅनच्या मागच्या दाराशी होता. मी वळून पाहिलं तेव्हा तो गठ्ठा सोडत होता. मीच त्याला तिथे पाठवलं."

 मिसेस होल्ट उठल्या. त्यांनी काठी दोन्ही हातांनी धरली आणि बाबांच्या डोक्यावर मारली. म्हातारीत एवढी ताकद असेल असं वाटत नव्हतं. भुवई फाटली. दुसरा वार खांद्यावर बसला. बाबांनी हात वर केला नाही. तिसऱ्याला मी काठी धरली. त्या माझ्याशी झटापट करत होत्या, त्यांच्या तोंडातून माणसाचा नव्हे असा आवाज येत होता. पोलीस बाई आत आली.

"सोड, अनू," बाबा म्हणाले. "मारू दे त्यांना."

मी सोडली. मिसेस होल्ट यांनी काठी उचलली, आणि ती तशीच हवेत राहिली. मग खाली आली. त्या तिच्यावर टेकून धापा टाकत उभ्या राहिल्या. बाबांच्या डोळ्यात रक्त जात होतं, ते पुसतही नव्हते.

"तक्रार नोंदवायची का, सर?" पोलीस बाईने विचारलं.

"कसली तक्रार?" बाबा म्हणाले.

मी माझी टाके घालायची पेटी आणली. भुवईला चार टाके लागले. मिसेस होल्ट समोर बसून बघत होत्या. टाके घालून झाल्यावर म्हणाल्या, "कसला काढत होता तो?"

"निळा," बाबा म्हणाले. "गडद निळा. चौदा नंबरचा."

"मी तेव्हा सोळा घालायचे." त्या भिंतीकडे बघत होत्या. "त्याला कधीच माहीत नसायचं."

मी त्यांना स्टेशनपर्यंत सोडायला गेले. रस्त्यात त्यांनी माझा दंड धरला होता, काठी असूनही तोल जात होता म्हणून.  गाडीत चढताना त्या वळल्या. "अजून विचारायचंय मला. रोज काय बोलायचा तो, थंडीत काय घालायचा. आज होणार नाही माझ्याच्याने. पुढच्या महिन्यात येईन. त्यांना सांगा."

परत येताना मी देवूला फोन केला. त्या थोबाडीतीनंतर पहिल्यांदाच. तिच्या माणसांनी दोनदा थांबवलं, मग ती लाइनवर आली. मी तिला सगळं सांगितलं. कार्डिगन, मागचं दार, काठी, टाके. काहीही गाळलं नाही.



"बाबांना दुखतंय का?" तिने विचारलं.

"हो."

"मी रविवारी येते," ती म्हणाली. "ताई, तू असशील?"

मिसेस होल्ट पुढच्या महिन्यात आल्या. त्याच्या पुढच्याही. बाबा आदल्या दिवशीच शर्टाला इस्त्री करून ठेवतात.